गृहकर्जाची खरी किंमत : हप्त्यापलीकडचा हिशेब

कापडाच्या घाऊक व्यापारात रोकडीचा भाव निराळा आणि उधारीचा निराळा, हे रायपूरच्या पंडरी बाजारात काम करणाऱ्या कोणालाही समजावून सांगावे लागत नाही. महिन्याच्या उधारीवर उचललेल्या मालात व्याज गुंफलेले असते आणि मुदत जितकी लांबेल तितके ते फुगते, हे तेथील हिशेबनीस कागदपेन्सिल न घेताही सांगतो. मात्र हाच चोख माणूस घर घेण्यासाठी बँकेत येतो तेव्हा त्याचा पहिला, आणि पुष्कळदा एकमेव, प्रश्न असतो : “महिन्याचा हप्ता किती बसेल?” हप्ता पगारात बसला की घर परवडले असे तो मानतो. रोकडीच्या भावाने घेतलेल्या घराचा उधारीचा भाव काय पडला, हे विचारावयाचे राहूनच जाते.

छत्तीसगड राज्य १ नोव्हेंबर २००० रोजी अस्तित्वात आले आणि रायपूर राजधानी झाले. त्यानंतर पंडरीहून मोवा, सड्डूकडे जाणाऱ्या रस्त्याच्या दोन्ही बाजूंस वसाहती वाढत गेल्या. भोसलेकाळापासून रायपुरात स्थिरावलेली मराठी कुटुंबे असोत की नोकरीनिमित्त नव्याने आलेली, यांपैकी बहुतेकांच्या घराला गृहकर्जाचाच आधार आहे. म्हणून या लेखात पंडरीतील एखाद्या नोकरदार ग्राहकाला लागू पडेल असे एकच उदाहरण घेऊन हिशेब शेवटपर्यंत नेला आहे. उदाहरण काल्पनिक आहे. आकडेमोड मात्र खरी आहे आणि वाचकांनी ती स्वतः पडताळून पाहावी.

समजा, घराची किंमत ३२ लाख रुपये आहे. ग्राहकाने ७ लाख स्वतःचे घातले व २५ लाखांचे कर्ज द.सा.द.शे. ८.५० टक्के दराने घेतले. व्याज दरमहा घटत्या शिलकीवर आकारले जाते. मुदतीनुसार हप्ता व एकूण व्याज पुढीलप्रमाणे येते :

१० वर्षे : हप्ता ३०,९९६ रु.; एकूण व्याज १२.२० लाख रु.
१५ वर्षे : हप्ता २४,६१९ रु.; एकूण व्याज १९.३१ लाख रु.
२० वर्षे : हप्ता २१,६९६ रु.; एकूण व्याज २७.०७ लाख रु.
२५ वर्षे : हप्ता २०,१३१ रु.; एकूण व्याज ३५.३९ लाख रु.
३० वर्षे : हप्ता १९,२२३ रु.; एकूण व्याज ४४.२० लाख रु.

या तक्त्याच्या शेवटच्या दोन ओळींपाशी थोडे थांबावे. मुदत पंचवीसवरून तीस वर्षे केली तर हप्ता अवघा ९०८ रुपयांनी कमी होतो. व्याज मात्र ८ लाख ८१ हजारांनी वाढते. असे का व्हावे? २५ लाखांवर ८.५० टक्क्यांनी एका महिन्याचे नुसते व्याजच १७,७०८ रुपये होते. मुदत शंभर वर्षे केली तरी हप्ता या आकड्याच्या खाली जाऊ शकत नाही. म्हणजे मुदत वाढवून हप्ता उतरवण्याला एक तळ आहे आणि पंचवीस वर्षांच्या पुढे कर्जदार त्या तळाच्या अगदी जवळ पोहोचलेला असतो. तेथून पुढची सवलत नावापुरती असते.

आता वीस वर्षांचे कर्ज घेऊ. २१,६९६ रुपयांच्या पहिल्या हप्त्यातून १७,७०८ रुपये व्याजात जातात आणि मुद्दलात जमा होतात फक्त ३,९८७. वर्षभरात ग्राहकाने २ लाख ६० हजार रुपये भरलेले असतात. कर्ज मात्र ४९,७५६ रुपयांनीच उतरलेले असते. पाच वर्षांनी १३ लाखांहून अधिक भरणा झालेला असतो आणि शिल्लक कर्ज असते २२ लाख ३ हजार. खातेउतारा हाती पडल्यावर अनेक ग्राहक शाखेत येऊन “आमचे पैसे गेले कुठे?” असे विचारतात, त्याचे उत्तर या आकड्यांत आहे. यात कोणतीही फसवणूक नसते. व्याज शिलकीवर आकारले जाते आणि आरंभी शिल्लक सर्वांत मोठी असते, एवढेच. हप्त्यातील मुद्दलाचा भाग व्याजापेक्षा मोठा होतो तो १४३व्या हप्त्यात, म्हणजे जवळजवळ बारा वर्षांनी. निम्मे मुद्दल फिटण्यास सुमारे तेरा वर्षे दहा महिने लागतात. उरलेले निम्मे मग सहा वर्षांत फिटते.

येथवर दर स्थिर धरला होता. प्रत्यक्षात आज बहुतांश गृहकर्जे बदलत्या व्याजदराची आहेत. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांनी दिलेली बदलत्या दराची नवी गृहकर्जे बाह्य मानदंडाशी, बहुधा रिझर्व्ह बँकेच्या रेपो दराशी, जोडलेली असतात. रेपो दर अधिक बँकेचा अधिभार मिळून ग्राहकाचा दर ठरतो आणि निदान तीन महिन्यांतून एकदा त्याची फेररचना होते. मे २०२० मध्ये रेपो दर ४ टक्क्यांवर आला होता. मे २०२२ पासून तो चढू लागला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५० टक्क्यांवर पोहोचला. नऊ महिन्यांत अडीच टक्के! २०२५ मध्ये दर पुन्हा उतरू लागले, परंतु मधल्या काळाने एक धडा दिला, तो विसरता कामा नये.

त्या काळात एखाद्याने २५ लाखांचे कर्ज ६.७५ टक्के दराने वीस वर्षांसाठी घेतले असे समजू. हप्ता १९,००९ रुपये. दोन वर्षांनी शिल्लक २३ लाख ७३ हजार उरली आणि दर ९.२५ टक्के झाला. सोयीसाठी ही वाढ एकदम झाली व पुढे तशीच राहिली असे धरू. आता महिन्याचे व्याजच १८,२९४ रुपये होते. हप्ता पूर्वीचाच ठेवला तर मुद्दलात पडतात जेमतेम ७१५ रुपये आणि कर्ज फिटण्यास आणखी १८ नव्हे, तर साडेपस्तीस वर्षांहून अधिक काळ लागतो! चाळिशीतला कर्जदार पंचाहत्तरी गाठेपर्यंत हप्ते भरीत राहील. याउलट मुदत १८ वर्षेच ठेवून हप्ता २२,५९७ रुपये केला तर दरमहा ३,५८८ रुपये जास्त द्यावे लागतात, परंतु एकूण भरण्यात तब्बल ३२ लाखांहून अधिक फरक पडतो. ज्याला वाढीव हप्ता खरोखरच झेपत नाही त्याची गोष्ट वेगळी. झेपत असूनही केवळ न विचारल्यामुळे ज्याची मुदत वाढली, त्याचे नुकसान टाळता येण्यासारखे होते.

दर वाढले की हप्ता तोच ठेवून मुदत वाढवण्याची पद्धत पूर्वी सर्रास होती आणि ग्राहकाला त्याची वार्ता उशिरा लागे. १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकाने रिझर्व्ह बँकेने यात शिस्त आणली. दराच्या फेररचनेच्या वेळी हप्ता वाढवावा, मुदत वाढवावी की दोन्हींचा मेळ घालावा, हे निवडण्याची मुभा ग्राहकाला देणे बंधनकारक झाले. धोरणानुसार स्थिर दराकडे वळण्याचा पर्याय, तसेच अंशतः वा पूर्ण मुदतपूर्व परतफेडीचा मार्गही खुला ठेवण्यास सांगितले गेले. हप्त्यातून व्याजही न फिटता कर्ज उलट वाढत जाईल इतकी मुदत लांबवू नये, अशीही ताकीद त्यात आहे. दर तिमाहीस मिळणाऱ्या विवरणात वसूल झालेले मुद्दल व व्याज, हप्त्याची रक्कम, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर दिलेला असतो. हे विवरण न वाचता बाजूला टाकणारे ग्राहक पुष्कळ आहेत. त्यातील ‘उरलेले हप्ते’ हा एक आकडा जरी दर तिमाहीस पाहिला तरी पुरे.

जुन्या ग्राहकांनी आणखी एक गोष्ट तपासावी. २०१० च्या आधारदराशी किंवा एप्रिल २०१६ पासूनच्या निधिखर्चाधारित दराशी जोडलेली काही कर्जे अद्याप चालू आहेत. रेपो दरातील कपात अशा खात्यांपर्यंत पोहोचण्यास बहुधा विलंब लागतो. आपले खाते कोणत्या पद्धतीत आहे आणि बदलून घेण्यास किती खर्च येईल, हे शाखेत विचारण्यास संकोच नसावा.

व्याजाखेरीज इतर खर्च किरकोळ भासतात. त्यांपैकी काही तसे नसतात. ३० लाखांपर्यंतच्या गृहकर्जात घराच्या मूल्याच्या जास्तीत जास्त ९० टक्के रक्कम बँक देऊ शकते, परंतु मुद्रांक शुल्क व नोंदणीचा खर्च या मूल्यात धरला जात नाही. त्यास अपवाद आहे तो फक्त १० लाखांपर्यंतच्या घरांचा. म्हणजे हा खर्च ग्राहकाला स्वतःच्या गाठीतूनच करावा लागतो. तो आधी जमेस न धरल्यामुळे ऐनवेळी जादा व्याजाने वैयक्तिक कर्ज काढण्याची पाळी अनेकांवर येते आणि गृहकर्जाच्या स्वस्त दरावर पाणी पडते.

कर्जासोबतच्या विम्याचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळवून घेतला तर त्यावरही वीस वर्षे व्याज चढते. ७५,००० रुपयांचा असा हप्ता ८.५० टक्क्यांनी शेवटी १ लाख ५६ हजारांना पडतो. कर्त्या माणसाच्या मागे कुटुंबावर कर्जाचा बोजा पडू नये म्हणून विमा घ्यावा हे खरेच, परंतु तो कोठून घ्यावयाचा आणि पैसे कसे भरावयाचे हे ठरवण्याचा अधिकार ग्राहकाचा आहे.

बांधकाम चालू असलेले घर घेणाऱ्यांना ताब्यापूर्वीच्या व्याजाचा अनुभव येतो. उदाहरणातील २५ लाखांपैकी १५ लाख उचलले गेले असतील तर महिन्याचे व्याज १०,६२५ रुपये होते. ताबा तीन वर्षे लांबला तर ३ लाख ८२ हजार ५०० रुपये जातात आणि मुद्दलातला एक रुपयाही फिटत नाही. जोडीला चालू घराचे भाडे असतेच. प्रकल्प छत्तीसगडच्या भूसंपदा नियामक प्राधिकरणाकडे, म्हणजे ‘रेरा’कडे, नोंदलेला आहे काय आणि पूर्णत्वाची तारीख कोणती दिली आहे, हे म्हणूनच आधी पाहावयाचे.

प्रक्रिया शुल्क माफ, ही जाहिरात मनाला चटकन भावते. पण ८.५० ऐवजी ८.७५ टक्के दर लागला तर वीस वर्षांत सुमारे ९५ हजार रुपये जास्त जातात. दहा हजारांच्या माफीसाठी पाव टक्का सोडणे हा कापडबाजारातला हिशेबनीस कधीही करणार नाही असा सौदा आहे. दोन ठिकाणच्या प्रस्तावांची तुलना करणे आता सोपे झाले आहे. १ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या नव्या किरकोळ कर्जांसोबत ‘मुख्य तथ्य विवरण’ देणे सक्तीचे आहे. त्यात वार्षिक टक्केवारी दर असतो आणि बँकेमार्फत वसूल होणारे विमा, कायदेविषयक शुल्क इत्यादी तिसऱ्या पक्षाचे आकारही त्यात धरलेले असतात. जाहिरातीतील दर आणि हा दर यांत अंतर दिसले तर ते कशामुळे, हे सहीपूर्वी विचारावे.

खर्च खरोखर कमी करण्याचे साधन म्हणजे मुदतपूर्व परतफेड. व्यक्तींना दिलेल्या बदलत्या दराच्या गृहकर्जांवर बँकांनी त्यासाठी दंड आकारू नये, असा रिझर्व्ह बँकेचा आदेश जून २०१२ पासून आहे. वेळेचे महत्त्व येथे फार. आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षाअखेर एक लाख रुपये जादा भरून हप्ता तोच ठेवला, तर सुमारे २१ हप्ते वाचतात आणि व्याजाची निव्वळ बचत होते ३ लाख ६५ हजार रुपये. तोच एक लाख पंधराव्या वर्षाअखेर भरला तर बचत होते ५० हजारांच्या आसपास. भरणा करताना ‘हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी’ असे लेखी द्यावे. हप्ता कमी करून घेतल्यास बचत घटते. तरीही घरातली सारी गंगाजळी कर्जात ओतणे शहाणपणाचे नाही. आजारपण आले किंवा नोकरी गेली तर भिंतीतून रोकड काढता येत नाही.

आता दुसरी बाजूही पाहू, अन्यथा हिशेब एकांगी होईल. वीस वर्षांत भरले जाणारे ५२ लाख हे आजचे ५२ लाख नव्हेत. महागाई सरासरी ५ टक्के राहील असे धरले तर या साऱ्या हप्त्यांचे आजचे मोल ३२ लाख ८७ हजारांच्या जवळपास येते. पगार वाढत जातो, हप्ता तितकाच राहतो; पंधराव्या वर्षी तोच हप्ता हलका वाटतो. भाडे वाचते तेही जमेच्या बाजूस लिहावे. कराच्या सवलतीबाबत मात्र जपून. स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावरील वार्षिक दोन लाखांपर्यंतची वजावट जुन्या करपद्धतीतच मिळते. २०२३-२४ पासून नवी पद्धत मूळ मानली गेली असून तीत ती मिळत नाही. “कर वाचतो म्हणून कर्ज राहू द्यावे” हा जुना सल्ला त्यामुळे अनेकांच्या बाबतीत निरुपयोगी झाला आहे.

शेवटचा हप्ता फिटला की एक काम उरते. घराची मूळ कागदपत्रे ३० दिवसांत परत करून तारणाचा बोजा उतरवण्याचे बंधन कर्जदात्या संस्थांवर १ डिसेंबर २०२३ पासून आहे आणि त्यांच्या बाजूने विलंब झाल्यास दर दिवसास ५,००० रुपये भरपाई देय आहे. कागदपत्रे कोणत्या शाखेतून व केव्हा मिळतील याचा उल्लेख मंजुरीपत्रातही असावा लागतो. ती यादीबरहुकूम मोजून घ्यावीत, कर्ज फिटल्याचे पत्र त्यांच्यासोबत ठेवावे आणि नोंदणी दप्तरात बँकेचा बोजा नोंदलेला असेल तर तो कमी झाल्याची खात्री करून घ्यावी.