अकलूजची रिंकू आणि बोलीची शंका

रिंकू राजगुरू ही सोलापूर जिल्ह्यातल्या अकलूजची. ती नायिका असलेला नागराज मंजुळे यांचा ‘सैराट’ हा चित्रपट २९ एप्रिल २०१६ रोजी प्रदर्शित झाला, तेव्हा तिला पंधरावं वर्ष पुरं झालेलं नव्हतं. बीदर जिल्ह्यातल्या कोहिनूरचे एक निवृत्त शिक्षक आणि त्यांची भाची यांचा हा संवाद तिच्या वाटचालीविषयी आहे.

भाची : मामा, अभिनय न शिकता एवढी मोठी भूमिका मिळते तरी कशी?

मामा : दिग्दर्शकाला काय हवंय त्यावर ते असतं. मंजुळे करमाळा तालुक्यातल्या जेऊरचे. गोष्ट त्याच मुलखातली. मग पुण्यामुंबईची मुलगी आणून तिच्याकडून गावचं बोलणं घोकून घ्यायचं कशाला? रिंकूने केलेली आर्ची बुलेट चालवते, ट्रॅक्टर चालवते, पोरांना दमात घेते. त्या दमातला हेल कुणी शिकवून येत नाही.

भाची : पण अकलूज महाराष्ट्रात आहे की. आपल्या बोलण्यात कन्नड मिसळलेलं.

मामा : आधी पुरस्काराचं ऐक. ६३व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत तिचा विशेष उल्लेख झाला, तो मार्च २०१६ मध्ये. चित्रपट लोकांनी पाहिला त्याच्या महिनाभर आधी. म्हणजे परीक्षकांनी गर्दी पाहून नव्हे, काम पाहून ठरवलं.

भाची : बरं. पण बोलण्याचं काय?

मामा : पुन्हा तेच! अगं, वर्षानुवर्षं मराठी पडद्यावर खेडं म्हटलं की एकच ठरीव बोली. लातूर असो, बीदर असो, सगळ्यांच्या तोंडी तीच. आपलं बोलणं आलंच तर हसवण्यापुरतं. शाळेतही आम्ही मास्तर लोकांनी मुलांचे हेल खोडण्यातच धन्यता मानली. ‘सैराट’ने तो पायंडा मोडला, म्हणून तो मला मोठा वाटतो.

भाची : आणि कन्नड?

मामा : २०१७ मध्ये एस. नारायण यांनी ‘सैराट’ कन्नडमध्ये केला, ‘मनसु मल्लिगे’. नायक बदलला, नायिका रिंकूच राहिली. हिंदी ‘धडक’मध्ये मात्र जान्हवी कपूर आली. त्याच मातीतली मुलगी घेतली की काय होतं, ते पाहायचं तर भूतानचा ‘लुनाना’ हा चित्रपट बघ. दुर्गम डोंगरातल्या शाळेची गोष्ट, आणि वर्गाची मॉनिटर झालेली पेम झाम त्याच गावची मुलगी. २०२२ मध्ये त्या चित्रपटाला ऑस्करचं नामांकन मिळालं, भूतानचं पहिलंच.

भाची : रिंकूचं पुढे काय झालं?

मामा : ‘कागर’, ‘झुंड’, ‘झिम्मा २’. ‘सैराट’एवढा गाजावाजा पुन्हा झाला नाही, पण ती थांबली नाही. २०२१ च्या हिंदी ‘२०० हल्ला हो’मध्ये ती नागपूरच्या वस्तीतली दलित तरुणी झाली. आर्चीचा तोरा तिथे कामाचा नव्हता.

भाची : मग मला नटी व्हायचं तर मी आधी बोलणं सुधारू का?

मामा : प्रमाण मराठी शीक, कन्नडही नीट शीक. नटीला जितक्या भाषा येतील तितक्या थोड्याच. पण त्यासाठी घरचं बोलणं टाकायचं नाही. यंदा गॅदरिंगच्या नाटकात नाव दे, आणि पहिली तालीम आपल्या बोलीत कर.