युद्धनौकेची बांधणी आणि वार्षिक अंदाजपत्रक

सोलापूर जिल्हा समुद्रापासून दूर, दख्खनच्या पठारावर वसलेला आहे. गलबते, गोदी आणि आरमार या गोष्टींशी या कोरडवाहू प्रदेशाचा संबंध काय, असा प्रश्न सहज पडावा. तथापि भारतातील आधुनिक जहाजबांधणीच्या उद्योगाचा पाया ज्यांनी घातला ते शेठ वालचंद हिराचंद हे मूळचे सोलापूरचे. त्यांचा जन्म २३ नोव्हेंबर १८८२ रोजी येथे झाला. बार्शी लाईट रेल्वेच्या कामापासून त्यांनी ठेकेदारीस प्रारंभ केला. १९१९ मध्ये सिंदिया स्टीम नॅव्हिगेशन कंपनीच्या स्थापनेत त्यांनी पुढाकार घेतला. त्याच वर्षी ५ एप्रिलला या कंपनीचे ‘लॉयल्टी’ हे जहाज मुंबईहून लंडनकडे निघाले. तो दिवस आज देशभर राष्ट्रीय सागरी दिन म्हणून पाळला जातो.

जहाजे चालविण्याबरोबरच ती देशात बांधलीही गेली पाहिजेत, हा वालचंदांचा आग्रह होता. २१ जून १९४१ रोजी विशाखापट्टणम येथील जहाजबांधणी कारखान्याची कोनशिला डॉ. राजेंद्रप्रसाद यांच्या हस्ते बसविण्यात आली. १४ मार्च १९४८ रोजी तेथे बांधलेल्या ‘जलउषा’ या जहाजाचे जलावतरण पंतप्रधान पंडित नेहरू यांनी केले. परंतु जहाजबांधणीस लागणारे भांडवल मोठे, परतावा उशिराचा आणि मागणी अनियमित. शासनाच्या मागणीशिवाय व साहाय्याशिवाय हा कारखाना चालणे अवघड झाले. १९५२ मध्ये हिंदुस्थान शिपयार्ड ही कंपनी स्थापन होऊन दोनतृतीयांश भाग शासनाकडे आले व १९६१ मध्ये ती पूर्णतः शासकीय झाली. फेब्रुवारी २०१० मध्ये हा कारखाना संरक्षण मंत्रालयाकडे सोपविण्यात आला. ऑगस्ट २०२३ मध्ये नौदलासाठी पाच साहाय्यक नौका बांधण्याचा सुमारे १९,००० कोटी रुपयांचा करार त्याच्याशी झाला.

या इतिहासातून जो प्रश्न पुढे येतो तो केवळ एका कारखान्याचा नाही. जे काम पूर्ण होण्यास आठ-दहा वर्षे लागतात, त्यासाठी दरवर्षी ३१ मार्चला संपणाऱ्या अंदाजपत्रकातून पैसा कसा पुरवावा, हा तो प्रश्न होय. पाझर तलाव, शाळागृह किंवा नळपाणी योजना हाती घेणाऱ्या प्रत्येक पंचायतीस हा प्रश्न लहान प्रमाणात भेडसावत असतो. युद्धनौकेच्या बाबतीत तो सर्वांत मोठ्या प्रमाणात दिसतो, म्हणून तिचा अभ्यास उद्बोधक ठरतो.

मंजुरीचे टप्पे

नौदलास कोणत्या नौका हव्यात, हे प्रथम दीर्घ मुदतीच्या आराखड्यात ठरते. पूर्वी तीनही सेनादलांसाठी पंधरा वर्षांचा एकत्रित आराखडा असे. संरक्षण खरेदीच्या २०२० च्या कार्यपद्धतीनुसार दहा वर्षांचा क्षमताविकास आराखडा, त्यातून पाच वर्षांची योजना आणि त्यातून दोन वर्षांची पुढे सरकणारी खरेदी योजना, अशी उतरंड ठरविण्यात आली. त्यानंतर संरक्षणमंत्र्यांच्या अध्यक्षतेखालील संरक्षण सामग्री संपादन परिषद प्रस्तावाची आवश्यकता मान्य करते. मोठ्या रकमेच्या प्रस्तावास मंत्रिमंडळाच्या सुरक्षाविषयक समितीची मान्यता घ्यावी लागते. त्यानंतरच गोदीशी करार होतो.

जिल्हा परिषदेच्या कामकाजाशी परिचित असलेल्या वाचकास ही साखळी अपरिचित वाटणार नाही. गरज निश्चित करणे, प्रशासकीय मान्यता, तांत्रिक मान्यता, निविदा, कार्यादेश आणि चालू देयके हाच क्रम येथेही आहे. फरक मुदतीचा, रकमेचा व तांत्रिक गुंतागुंतीचा आहे.

करार झाला म्हणजे संपूर्ण रक्कम गोदीला मिळते असे नाही. पोलादाची खरेदी, तळकणा बसविणे, जलावतरण, समुद्रातील चाचण्या, ताबा देणे अशा टप्प्यांनुसार रक्कम दिली जाते. ती संरक्षण सेवांवरील भांडवली खर्चाच्या मागणीतून, नौदलाच्या ताफ्यासाठी केलेल्या तरतुदीतून येते. २०२५-२६ च्या अंदाजपत्रकात संरक्षण सेवांच्या भांडवली खर्चासाठी १,८०,००० कोटी रुपये ठेवण्यात आले. त्यांपैकी नौदलाच्या ताफ्यासाठीची तरतूद सुमारे २४,४०० कोटी रुपये होती. ही रक्कम मोठी वाटली तरी तिचा बराचसा भाग पूर्वी झालेल्या करारांची देणी भागविण्यासाठी लागतो. नव्या कामास जे उरते, ते हे दायित्व वजा जाता उरते.

दायित्वाचे गणित

एक काल्पनिक उदाहरण घेऊ. एका नौकेचा खर्च ४,८०० कोटी रुपये व मुदत आठ वर्षे आहे असे समजू. सरासरीने वर्षाला ६०० कोटी रुपये होतात. पण प्रत्यक्ष खर्च सरासरीने होत नाही. प्रारंभीच्या दोन वर्षांत आराखडे, सामग्रीची मागणी व पोलाद यांवर थोडा खर्च होतो. मधल्या वर्षांत यंत्रसामग्री, शस्त्रे व संवेदक येऊ लागतात आणि एका वर्षात १,००० कोटी रुपयांची गरज पडू शकते. अशा तीन नौकांची मधली वर्षे एकत्र आली, तर वार्षिक गरज १,८०० कोटींवरून एकदम ३,००० कोटींवर जाते. पहिल्या वर्षाची लहान तरतूद पाहून तिन्ही कामांना मान्यता दिली, तर चौथ्या-पाचव्या वर्षी पेच उभा राहतो. तेव्हा काम मंदावणे किंवा नवी कामे थांबविणे एवढेच मार्ग उरतात.

विलंबाचीही किंमत असते. दरवाढ वर्षाला ६ टक्के धरली, तर चार वर्षे लांबलेल्या कामाचा उरलेला भाग सुमारे २६ टक्क्यांनी महाग होतो. शिवाय गोदीतील कामगार, यारी व बांधणीची जागा अडकून पडते, आणि नवी नौका येईपर्यंत जुन्या नौकेची दुरुस्ती करून तिलाच समुद्रावर ठेवावे लागते. म्हणून काम लांबविल्याने पैसा वाचतो, हा समज खरा नाही.

मुंबईच्या गोदीचा अनुभव

महाराष्ट्रात या विषयाचे प्रमुख केंद्र मुंबईतील माझगाव गोदी होय. १९६० मध्ये शासनाने ती ताब्यात घेतली. ब्रिटिश लिअँडर वर्गाच्या आराखड्यावर आधारलेली ‘नीलगिरी’ ही फ्रिगेट तेथे बांधण्यात आली. तिचे जलावतरण १९६८ मध्ये झाले व ३ जून १९७२ रोजी ती नौदलात दाखल झाली. त्यानंतर १९८१ पर्यंत हिमगिरी, उदयगिरी, दुनागिरी, तारागिरी व विंध्यगिरी या आणखी पाच नौका ओळीने तयार झाल्या. मागणीत सातत्य असल्याने प्रत्येक नौकेतून मिळालेले ज्ञान पुढच्या नौकेस उपयोगी पडले. १९८३ मध्ये दाखल झालेली ‘गोदावरी’ ही भारतीय अभियंत्यांनी आखलेली फ्रिगेट या अनुभवाच्या बळावरच उभी राहिली.

याच गोदीत उलट अनुभवही आला. जर्मन आराखड्याच्या ‘शाल्की’ आणि ‘शंकुल’ या पाणबुड्या येथे बांधून १९९२ व १९९४ मध्ये नौदलास देण्यात आल्या. परंतु पुढील मागणी आली नाही. पाणबुडीच्या कवचाचे जोडकाम हे वर्षानुवर्षांच्या सरावाने येणारे कौशल्य आहे. काम थांबल्यावर ते विरून गेले. स्कॉर्पीन पाणबुड्यांचा करार २००५ मध्ये झाला, तेव्हा कारागिरांच्या प्रशिक्षणापासून पुनश्च आरंभ करावा लागला. त्यांतील पहिली ‘कलवरी’ डिसेंबर २०१७ मध्ये व सहावी ‘वागशीर’ जानेवारी २०२५ मध्ये दाखल झाली. मागणीतील खंडाची नोंद कोणत्याही अंदाजपत्रकात होत नाही, पण त्याचा खर्च मात्र पुढील अंदाजपत्रकांना सोसावा लागतो.

लेखापरीक्षणाचे निष्कर्ष

भारताच्या नियंत्रक व महालेखापरीक्षकांनी २०१०-११ च्या अहवालात स्वदेशी युद्धनौका-बांधणीची तपासणी केली. तीन प्रकल्पांची आकडेवारी लक्षणीय आहे. शिवालिक वर्गाच्या तीन फ्रिगेटची मूळ मंजुरी २,२५० कोटी रुपयांची होती, ती ८,१०१ कोटींवर गेली. कोलकाता वर्गाच्या तीन विनाशिकांचा खर्च ३,५८० कोटींवरून ११,६६२ कोटी झाला. कोलकाता येथील गार्डन रीच गोदीत बांधलेल्या कामोर्ता वर्गाच्या चार कॉर्व्हेटचा खर्च ३,०५१ कोटींवरून ७,८५२ कोटींपर्यंत पोहोचला. ‘शिवालिक’ एप्रिल २०१० मध्ये दाखल झाली. ‘कोलकाता’चा तळकणा २००३ मध्ये बसविला गेला होता, ती ऑगस्ट २०१४ मध्ये दाखल झाली.

कोची येथे बांधलेल्या ‘विक्रांत’ या विमानवाहू नौकेचीही कथा अशीच आहे. जानेवारी २००३ मध्ये तिला ३,२६१ कोटी रुपयांची मंजुरी मिळाली. २०१४ मध्ये ही मर्यादा १९,३४१ कोटींवर नेण्यात आली आणि २ सप्टेंबर २०२२ रोजी नौका दाखल झाली.

या वाढीस केवळ महागाई कारण नाही. मूळ मंजुरी घेताना आराखडा अपुरा होता. शस्त्रे व संवेदक यांची निवड बांधणी सुरू झाल्यानंतर झाली. नवे शस्त्र निवडले की त्याचे वजन, वीजपुरवठा व थंडाव्याची व्यवस्था बदलते. मग बांधलेला भाग उकलावा लागतो. विशिष्ट प्रतीच्या पोलादासाठी परदेशावर अवलंबून राहावे लागले व तेथून पुरवठा वेळेवर झाला नाही. पुढे भारतीय प्रयोगशाळेने विकसित केलेले व देशातील पोलाद कारखान्यांनी तयार केलेले पोलाद ‘विक्रांत’ आणि कामोर्ता वर्गासाठी वापरण्यात आले. करार खर्चावर आधारित असल्याने, म्हणजे जो खर्च होईल तो अधिक ठरावीक नफा अशी रचना असल्याने, काटकसरीचा दबावही कमी राहिला.

न्यायाच्या दृष्टीने दुसरी बाजूही नोंदविली पाहिजे. वर्गातील पहिली नौका ही बव्हंशी प्रयोगनौका असते. विमानाप्रमाणे तिचा वेगळा नमुना अगोदर तयार करून तपासता येत नाही. म्हणून काही अनिश्चितता अटळ असते. परंतु ती अंदाजात मान्य करणे वेगळे आणि मंजुरी सुलभ व्हावी म्हणून अंदाज कमी दाखविणे वेगळे.

सुधारणा व बोध

या अनुभवानंतर पद्धतीत काही बदल झाले. जानेवारी २०११ मध्ये विशाखापट्टणम वर्गाच्या चार विनाशिकांसाठी माझगाव गोदीशी सुमारे २९,६०० कोटी रुपयांचा एकत्रित करार झाला. कोलकाता वर्गाचा सिद्ध झालेला सांगाडा या नौकांसाठी बव्हंशी कायम ठेवण्यात आला. नोव्हेंबर २०२१ ते जानेवारी २०२५ या काळात विशाखापट्टणम, मोरमुगाव, इंफाळ व सुरत या चारही नौका दाखल झाल्या. नौकेचे मोठे भाग स्वतंत्रपणे तयार करून मग यारीने जोडण्याची पद्धतही रुळली. लहानमोठ्या कारखान्यांना त्यामुळे काम मिळते. सोलापूर जिल्ह्याला लागून असलेल्या इंदापूर तालुक्यातील वालचंदनगरच्या कारखान्याने नौदलाच्या नौकांसाठी गिअरबॉक्स तयार केले आहेत. वर्षअखेर न वापरलेला निधी परत जाऊ नये, यासाठी पंधराव्या वित्त आयोगाने संरक्षण आधुनिकीकरणाकरिता व्यपगत न होणाऱ्या स्वतंत्र निधीची शिफारस केली, तीही याच अडचणीवरील उपाय म्हणून.

या सर्व अनुभवांतून निघणारे नियम ग्रामपंचायतीच्या इमारतीपासून विनाशिकेपर्यंत सारखेच लागू पडतात. पहिला, आराखडा पूर्ण होण्यापूर्वी अंदाजाला अंतिम समजू नये. दुसरा, नव्या कामास मान्यता देण्यापूर्वी चालू कामांचे पुढील प्रत्येक वर्षाचे दायित्व एका कागदावर मांडावे. तिसरा, नाममात्र तरतुदीवर अनेक कामे सुरू करण्यापेक्षा थोडी कामे पुरेशा निधीसह पूर्ण करावीत. चौथा, कारागीर व यंत्रणा टिकून राहील अशा बेताने कामांची मागणी सलग ठेवावी. पाचवा, बदल सुचविणाऱ्याने त्याचा खर्च व विलंब लेखी नोंदवावा.

विद्यार्थ्यांना अंदाजपत्रक शिकविताना शिक्षकांनी ‘विक्रांत’च्या मंजुरीचे दोन आकडे व तीन वर्षे फळ्यावर लिहून त्यांतील अंतराची कारणे विचारावीत. पंचायत सदस्यांनी आपल्या गावातील एखाद्या अपूर्ण कामाची मूळ मान्यता व सुधारित मान्यता शेजारी ठेवून हाच अभ्यास करावा. सार्वजनिक पैशाचा हिशेब वर्षाला मिटतो, परंतु सार्वजनिक काम अनेक वर्षे चालते. या दोहोंचा मेळ मंजुरीच्या दिवशीच घालावा लागतो.