चित्रं वाचायला शिकवणाऱ्या माधुरी पुरंदरे



पहिली-दुसरीच्या मुलाच्या हातात गोष्टीचं पुस्तक दिलं की ते आधी चित्रं बघतं. मजकुराकडे लक्ष नंतर जातं. आपल्याला मात्र घाई असते. "चित्रं काय बघत बसलास, वाच की!" हे वाक्य शाळेत आणि घरी सर्रास ऐकू येतं. ज्या मुलाला अजून अक्षरं जुळवता येत नाहीत, त्याला वाटतं की हे पुस्तक आपल्यासाठी नाहीच. पुढे ते पुस्तकाला हात लावायचंच टाळतं.

म्हणून आज एका चित्रकर्तीची ओळख करून घेऊ. त्यांच्या कामातून आपल्याला वर्गात वापरता येईल असं बरंच मिळतं.

ओळख आणि कारकीर्द

माधुरी पुरंदरे यांचा जन्म 1952 चा. शिवशाहीर बाबासाहेब पुरंदरे हे त्यांचे वडील. आई निर्मलाताई पुरंदरे यांनी 'वनस्थळी' ही संस्था उभी केली आणि खेड्यापाड्यांतल्या बायकांना बालवाडी शिक्षिका होण्याचं प्रशिक्षण दिलं.

माधुरीताईंनी मुंबईच्या जे. जे. कला महाविद्यालयात चित्रकलेचं शिक्षण घेतलं आणि नंतर त्या पॅरिसला शिकल्या. पुण्यात अनेक वर्षं त्यांनी फ्रेंच भाषा शिकवली. पिकासोचं चरित्र लिहिलं, भाषांतरं केली, वनस्थळीच्या नियतकालिकाचं संपादन केलं.

म्हणजे हात चित्रकाराचा आणि रोजचं काम भाषेच्या शिक्षकाचं. या दोन्ही गोष्टी त्यांच्या मुलांच्या पुस्तकांत एकत्र आल्या. 'राधाचं घर' ही अगदी लहानांसाठीची मालिका, यशच्या गोष्टी, 'बाबाच्या मिश्या' अशा पुस्तकांत शब्दही त्यांचे आणि चित्रंही त्यांची. 'वाचू आनंदे' हे त्यांनी संपादित केलेले चार भाग (दोन बालगटाचे, दोन कुमारगटाचे) तर प्रत्येक शाळेत असायला हवेत. त्यात मराठीतल्या उत्तम उताऱ्यांच्या जोडीला भारतीय चित्रकलेचे नमुने आहेत. चांगली भाषा आणि चांगलं चित्र मुलासमोर एकदमच येतं.

2014 साली त्यांना साहित्य अकादमीचा बालसाहित्य पुरस्कार मिळाला. 2016 साली 'बिग लिटल बुक' पुरस्कारही मिळाला.

त्यांच्या चित्रांत काय वेगळं?

त्यांच्या चित्रांतली माणसं आपल्या आजूबाजूची वाटतात. पण मला सर्वात महत्त्वाची वाटते ती गोष्ट वेगळी आहे. शब्द जे सांगत नाहीत ते चित्र सांगतं.

'बाबाच्या मिश्या' घ्या. अनूला बाबाच्या मिश्या फार आवडतात. मग इतरांच्या मिश्यांकडेही तिचं लक्ष जातं. मजकूर अगदी थोडा. कोणाची मिशी कशी, ती त्या चेहऱ्याला शोभते का, हे चित्रातच बघावं लागतं. वाचता न येणारं मूलही इथे मागे पडत नाही. उलट बारकावे तेच आधी पकडतं! 'प्रथम बुक्स'च्या स्टोरीवीव्हर या संकेतस्थळावर ही गोष्ट मोफत वाचता येते. एका मोबाइलवरही वर्गाला दाखवता येईल.

वर्गात काय करता येईल?

1. आधी फक्त चित्रं. मजकूर कागदाने झाका. पानं उलटत मुलांना गोष्ट सांगू द्या. मग मजकूर वाचा. आपली गोष्ट कुठे जुळली, कुठे वेगळी निघाली, यावर मुलं भरभरून बोलतात.

2. "तुला कसं कळलं?" हा प्रश्न. "चित्रात काय दिसतं?" एवढं विचारलं तर मुलं नावं सांगून थांबतात. आई, खुर्ची, मांजर. "आई रागावली आहे" असं मूल म्हणालं की विचारा, "कशावरून?" ते भुवया दाखवेल, हात दाखवेल. पुढे उताऱ्यावरच्या प्रश्नांची उत्तरं शोधताना हीच सवय कामाला येते.

3. शब्दसंपत्ती. मिश्यांचंच बघा. झुपकेदार, आकडेबाज, पिळदार, विरळ. गावातल्या पारावर बसणाऱ्या आजोबांच्या मिश्या आठवून मुलं आणखी शब्द आणतील.

4. पाहिलेलं चित्र काढणं. आमच्या राळेगणसिद्धीत, म्हणजे पारनेर तालुक्यात, पाऊस मुळातच कमी. तरी निसर्गचित्र काढायला सांगितलं की दोन त्रिकोणी डोंगर, मधे सूर्य, भरून वाहणारी नदी आणि नारळाचं झाड तयार! हे चित्र मुलांनी डोळ्यांनी पाहिलेलं नाही, दुसऱ्या चित्रावरून उचललेलं आहे. इथे नालाबांध आहेत, डोंगरउतारावरचे चर आहेत, कांद्याच्या चाळी आहेत, शेळ्या आहेत. मुलांना चाळीसमोर दहा मिनिटं बसवा आणि मग कागद द्या. खाली दोन वाक्यं लिहायला सांगा. एक छोटं चित्रपुस्तक वर्गातच तयार होईल.

5. चित्रकाराचं नाव. गोष्ट वाचताना लेखकाबरोबर चित्रकाराचंही नाव मोठ्याने वाचा. चित्र कोणीतरी विचार करून काढलेलं असतं, हे मुलांना कळू द्या.

पालकांसाठी दोन शब्द

"चित्रं काढून पोट भरतं का?" हा प्रश्न पालक हमखास विचारतात. प्रश्न चुकीचा नाही. माधुरीताईंच्या कारकिर्दीकडे पाहिलं तर चित्रकलेच्या जोडीला भाषा, अध्यापन, संपादन असं बरंच काम दिसतं. म्हणून मुलाला चित्रकलेची आवड असेल तर वाचनही वाढवा, दोन्ही एकमेकांना धरून चालतात. हायस्कूलमध्ये गेल्यावर एलिमेंटरी आणि इंटरमिजिएट या शासकीय रेखाकला परीक्षांना जरूर बसवा. दहावीला त्याचे वाढीव गुण मिळतात, आणि पुढे कला महाविद्यालयाचा रस्ताही कळतो.

या आठवड्यात एवढंच करून बघा. रोज एक चित्र, पाच मिनिटं, आणि फक्त "तुला कसं कळलं?" हा प्रश्न. वर्गातलं जे मूल वाचनाच्या तासाला गप्प असतं, ते काय बोलतं याकडे खास लक्ष द्या. तुमचे अनुभव जरूर कळवा.