जमिनीचा कागद आणि कोर्टातील पुरावा

(बी. ए. भाग २)

'शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये' असे आपल्याकडे म्हणतात. परंतु जमिनीचा वाद शहाण्यालाही चुकत नाही. वेदगंगेच्या काठची उसाची जमीन पिढीगणिक गुंठ्यागुंठ्याने वाटली जाते आणि भावाभावांतील तंटा कागलच्या कोर्टापर्यंत जातो. मग ट्रंकेतील गाठोडे सुटते व 'आमच्याकडे कागद आहे' असे दोन्ही पक्ष ठासून सांगतात. हा कागद कोर्टात पुरावा केव्हा ठरतो, याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

प्रथम हे ध्यानात घेतले पाहिजे की, कागद हजर करणे, तो शाबीत करणे आणि त्यातील मजकूर खरा ठरणे या तीन निरनिराळ्या पायऱ्या आहेत. पुराव्यात घेतलेल्या कागदावर निशाणी क्रमांक पडतो. तेवढ्याने काम झाले असे पक्षकारास वाटते. पण नुसत्या निशाणीने दस्त शाबीत होत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९७१ मध्येच सांगितले आहे. दुसऱ्या पक्षाने सही नाकारली, तर ती कोणाची हे सही करणाऱ्याने, सही होताना पाहणाऱ्याने किंवा ते अक्षर ओळखणाऱ्याने शपथेवर सांगावे लागते व उलटतपासास तोंड द्यावे लागते.

दुसरा प्रश्न अस्सल आणि नक्कल यांचा. १८७२ च्या पुरावा कायद्याच्या जागी १ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष्य अधिनियम, २०२३ आला. तरी अस्सल कागद आधी, हे तत्त्व कायम आहे. २०१९ व २०२१ च्या महापुरांत आपल्या जिल्ह्यातील अनेक घरांत पाणी शिरले. अशा आपत्तीत अस्सल दस्त गेला असेल, तर तो होता व कसा गेला हे आधी कोर्टास पटवून द्यावे लागते. त्यानंतरच नक्कल दुय्यम पुरावा म्हणून घेतली जाते. दस्त नोंदलेला असल्यास दुय्यम निबंधकांच्या कचेरीतून सही-शिक्क्याची नक्कल मिळते. साध्या झेरॉक्सला ते मोल नाही.

काही घरांत १ मार्च १९४९ च्या विलीनीकरणापूर्वीचे, कोल्हापूर संस्थानच्या काळातील मोडी कागद आहेत. त्यांवर सही करणारे व साक्षीदार आज हयात नाहीत. म्हणून तीस वर्षांपेक्षा जुना कागद योग्य ताब्यातून आला असेल, तर सही व अक्षर खरे आहे असे कोर्ट गृहीत धरू शकते. मात्र हे गृहीत सहीपुरते आहे. मजकूर खरा आहे असा त्याचा अर्थ नव्हे.

मृत्युपत्राचा नियम अधिक कडक आहे. त्यावर दोन साक्षीदार लागतात व त्यांपैकी हयात असलेला निदान एक तरी कोर्टात तपासावा लागतो. मृत्युपत्र नोंदलेले असले तरी यातून सुटका नाही.

आता सर्वांच्या परिचयाचा सातबारा. 'उताऱ्यावर नाव माझे, म्हणून जमीन माझी' ही समजूत गावोगावी आहे. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम १५७ प्रमाणे नोंद उलट शाबीत होईपर्यंत खरी मानली जाते, हे बरोबर. पण सातबारा व फेरफार ही मुख्यतः सारावसुलीसाठी ठेवलेली दप्तरे आहेत. फेरफाराने मालकी जन्मत नाही आणि मरतही नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने वारंवार सांगितले आहे.

या नियमाचे महत्त्व सर्वांत जास्त कोणाला असेल, तर लग्न होऊन परगावी गेलेल्या बहिणीला. वडिलांच्या मागे तिचे नाव लागले नाही किंवा साध्या कागदावर 'हक्क सोडला' म्हणून तिची सही घेतली, तर आपले सर्व संपले असे तिला वाटते. वस्तुतः जमिनीचे हक्कसोडपत्र नोंदवावेच लागते. २००५ च्या दुरुस्तीने एकत्र कुटुंबाच्या जमिनीत मुलीला मुलाइतकाच जन्मसिद्ध हक्क दिला. २० डिसेंबर २००४ पूर्वी नोंदलेल्या दस्ताने किंवा कोर्टाच्या हुकूमनाम्याने झालेली वाटणी तेवढी अबाधित राहिली. 'वाटणी पूर्वीच तोंडी झाली' हे म्हणणे सहजासहजी मानू नये, त्यास सरकारी दप्तराचा भक्कम आधार हवा, असे सर्वोच्च न्यायालयाने ११ ऑगस्ट २०२० रोजी ठरवले. म्हणजे येथेही प्रश्न अखेर पुराव्याचाच आला.

ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच कोल्हापुरात बसू लागले आहे. अपिलासाठी मुंबई गाठण्याचा त्रास वाचला. पण साक्षीपुरावा खालच्या कोर्टातच नोंदला जातो व तेथे राहिलेली उणीव वर भरून काढणे फार अवघड असते.

आपल्यापैकी अनेकांच्या घरात दस्त वाचू शकणारे आपण पहिलेच आहोत. तेव्हा या सुट्टीत घरचे कागद एकदा उलगडून पाहावेत. अस्सल कोणता, नक्कल कोणती, कोणता दस्त नोंदलेला आहे, साक्षीदार कोण व त्यांतले हयात किती, हे वहीत टिपून ठेवावे. आणि ते वाचताना बहिणीचे नाव कोठे आहे, हेही पाहावे. कागद स्वतः बोलत नाही. त्याच्यासाठी बोलणारा माणूस हयात आहे तोवरच ही विचारपूस झालेली बरी.