नवा दिसला की फसला

प्रश्न : मी शिवणकाम करते. सिनेमात वेशभूषाकार होता येईल का?
– एक वाचक, सोनारी (ता. परंडा)

उत्तर : शिवण येते, म्हणजे निम्मे भांडवल हातात आहे. कोल्हापूरच्या वेशभूषाकार भानू अथैया मुंबईच्या जे. जे. कला महाविद्यालयात चित्रकला शिकल्या, पुढे सिनेमात आल्या आणि ‘गांधी’साठी त्यांनी जॉन मोलोंसोबत ऑस्कर मिळवला. तेव्हा आधी रेखाटन शिका. तुमच्या गावच्या भैरवनाथाच्या यात्रेत वही घेऊन बसा. धोतर कुठे मळते, लुगड्याचा काठ कुठे विरतो, टिपा. कारण सेटवर नवा कपडा चहाच्या पाण्यात बुडवून, पॉलिशपेपरने घासून जुना करावा लागतो. मारामारीच्या दृश्याला एकाच सदऱ्याचे तीन-चार जोड लागतात, तेही सारखेच मळलेले! सुरुवात साहाय्यक म्हणूनच होते : इस्त्री, बटणे, कंटिन्युइटीची (कोणत्या दृश्यात कोणता कपडा कसा होता, याची) वही. मानधन मात्र आधीच लेखी ठरवा.