गृहकर्जाचा वाद : लोकन्यायालयातील तडजोड

घर बांधण्यासाठी बँकेकडून कर्ज घेणारी कुटुंबे आता खेड्यापाड्यांतही आढळतात. पीक बुडाले, नोकरी गेली अथवा घरातील कमावते माणूस आजारी पडले, म्हणजे हप्ते थकतात आणि बँकेची नोटीस येते. ती न वाचता फडताळात ठेवून देणे ही सर्वांत मोठी चूक होय.

वादाचे मूळ पुष्कळदा हिशेबात असते. ९ टक्के व्याजाने २० वर्षांसाठी घेतलेल्या १० लाख रुपयांच्या कर्जाचा मासिक हप्ता सुमारे ८,९९७ रुपये येतो. पहिल्या हप्त्यातील ७,५०० रुपये व्याजापोटी जातात. मुद्दल फिटते ते अवघे १,४९७ रुपये. पाच वर्षांत सुमारे ५ लाख ४० हजार रुपये भरूनही सुमारे ८ लाख ८७ हजार रुपये मुद्दल उरते. कर्जदारास ही फसवणूक वाटते; वस्तुतः तो हप्त्याच्या रचनेचा परिणाम असतो. मात्र भरलेली रक्कम जमा न दाखवणे किंवा दंडावर व्याज लावणे या तक्रारी अवश्य तपासाव्यात. रिझर्व्ह बँकेच्या २०२३ च्या निर्देशांनुसार दंडाची रक्कम मुद्दलात मिळवून तीवर व्याज आकारता येत नाही. यासाठी प्रथम लेखी अर्ज करून खात्याचा संपूर्ण उतारा मागवावा.

९० दिवसांहून अधिक काळ हप्ता थकल्यास कर्ज अनुत्पादक ठरते. त्यानंतर २००२ च्या सरफेसी कायद्यान्वये बँक ६० दिवसांची मागणी नोटीस देऊ शकते. कर्जदाराने लेखी हरकत घेतल्यास ती न स्वीकारण्याची कारणे बँकेने १५ दिवसांत कळवावी लागतात. घराचा ताबा घेण्याची कारवाई झाल्यास ४५ दिवसांच्या आत कर्जवसुली न्यायाधिकरणाकडे दाद मागता येते. तडजोडीचा अर्ज केल्याने या मुदती आपोआप थांबत नाहीत, हे विसरू नये.

तडजोडीसाठी लोकन्यायालय हे सुलभ साधन आहे. गुजरातेत ऊना येथे १९८२ साली भरलेल्या लोकन्यायालयापासून ही प्रथा रूढ होत गेली. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ हा १९९५ पासून अमलात आला आणि तिला कायद्याचा आधार मिळाला. दावा दाखल झालेला नसला तरी तालुका विधी सेवा समितीकडे किंवा जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करता येतो. न्यायालयीन शुल्क पडत नाही. प्रलंबित दाव्यात भरलेले शुल्क तडजोडीनंतर परत मिळते. स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्ती व अपंग यांना विनामूल्य वकील मिळू शकतो.

लोकन्यायालयाचे मंडळ कोणावरही निर्णय लादत नाही. उभयपक्षांची संमती नसेल तर वाद पुन्हा नेहमीच्या मार्गाने जातो. संमती झाल्यास मात्र निवाड्यास दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्याचे बळ येते व त्यावर अपील चालत नाही. ठरलेला हप्ता चुकला तर त्याच निवाड्यावरून वसुली होऊ शकते. म्हणून भिडेखातर मोठी रक्कम कबूल करू नये; कुटुंबाचे उत्पन्न पाहूनच आकडा मान्य करावा.

सही करण्यापूर्वी निवाड्यात पुढील बाबी स्पष्ट आहेत की नाहीत, ते पाहावे : एकूण रक्कम, हप्त्यांच्या तारखा, माफ झालेले व्याज, मागे घ्यावयाचे दावे, बेबाकी दाखला आणि मूळ दस्तऐवजांची परतफेड. कर्ज पूर्ण फिटल्यावर अथवा तडजोडीने मिटल्यावर दस्तऐवज ३० दिवसांत परत द्यावयाचे असतात. बँकेमुळे विलंब झाल्यास दररोज ५,००० रुपये भरपाई देय होते. कमी रकमेत मिटवलेल्या कर्जाची नोंद पतअहवालात राहते व पुढील कर्जास अडचण येऊ शकते, हेही ध्यानी घ्यावे.

ग्रामसेवक व शिक्षक यांनी नोटीस आलेल्या कुटुंबास ती वाचून दाखवावी, मुदतीची तारीख लिहून द्यावी आणि विधी सेवा समितीचा पत्ता सांगावा. वेळेवर मिळालेल्या एवढ्या साहाय्यानेही एखादे घर वाचू शकते.