आजोबांचं जर-तर

आमचे आजोबा नेहमी म्हणतात, "१९५६ साली बेळगाव महाराष्ट्रात गेलं असतं तर!"

समजा, मी मागं जाऊन तसं घडवलं. मग बाबा धारवाडऐवजी कोल्हापूरला शिकले असते, त्यांना आई भेटली नसती, मी जन्मलोच नसतो. मग मागं गेलं कोण? काळप्रवासातला विरोधाभास तो हाच.

जयंत नारळीकरांनी 'गंगाधरपंतांचे पानिपत' या विज्ञानकथेत हा धोका टाळला. पंत भूतकाळ बदलत नाहीत. १७६१ साली विश्वासरावांना गोळी न लागता मराठे जिंकले, अशा दुसऱ्याच जगात पोचतात. शक्यता अनेक, म्हणून जगंही अनेक, ही पुंजवादातून घेतलेली कल्पना. आपलं जग शाबूत राहतं.

आजोबांना हे सांगितलं. म्हणाले, "त्या जगात तू न्हाईस व्हय? मग ऱ्हाऊ दे, हेच बरं."